धाकटीचं लग्न, दादरचा हॉल आणि माझी एक्सेल शीट: काय वसूल झालं, काय पाण्यात गेलं

डोंबिवलीची काकू, वय ७४, दोन्ही गुडघ्यांची ऑपरेशनं झालेली, आहेराचं पाकीट हातात धरून स्टेजच्या खाली चाळीस मिनिटं उभी होती. का, तर वर फोटोवाला नवरानवरीला सांगत होता, आता एकमेकांकडे बघा, आता हसा, नवरीने मान खाली, परत वर, आता फक्त मुलाकडचे या, चष्मा काढा काका. रांग हलतच नव्हती. मी खुर्ची आणून दिली तर काकू म्हणते, "नको गं, बसले तर नंबर जाईल." रेशनच्या रांगेत असल्यासारखी.

त्या फोटोवाल्याला आम्ही १,२०,००० रुपये मोजलेत.

तर डिसेंबरात माझ्या धाकट्या बहिणीचं लग्न झालं. दादर पश्चिम, रविवार, मुहूर्त १२ वाजून १७ मिनिटं, माणसं साधारण तीनशे. खर्च दोन्ही घरांनी अर्धा अर्धा करायचा हे पहिल्याच बैठकीत ठरलं (आईला पटायला चार दिवस लागले, पण व्याह्यांनीच सुचवलंय म्हटल्यावर गप्प बसली) आणि हिशोब माझ्या गळ्यात पडला कारण घरात एक्सेल मलाच येतं. सोनं सोडून अकरा लाखात बसवायचं होतं, गेलं बारा लाख चाळीस हजारावर. लग्नानंतर ऑफिसमधल्या तिघींनी विचारलं की बाई तू एवढी शीट केलीस तर सांग ना नेमकं कुठे पैसे घालायचे, म्हणून हे लिहितेय. दुकानांची नावं टाकत नाहीये, एक तर वाईट अनुभवाबद्दल उगाच भांडण नको आणि दुसरं म्हणजे चांगला निघालेला माणूस पुढच्या सीझनला चांगलाच असेल याची मी कोण गॅरंटी देणार.

मी शीटमध्ये शेवटी एक कॉलम वाढवला होता. बाबा हसले होते बघून. त्या कॉलमचं नाव होतं 'थांबले की बसले'. म्हणजे या खर्चामुळे आलेली माणसं नुसती थांबून राहिली की निवांत बसली, जेवली, एकमेकांना भेटली. काकूची ती रांग बघून सुचलं. आणि खरं सांगू का, रक्कम लावून सॉर्ट केल्यावर काहीच कळत नव्हतं, या कॉलमने सॉर्ट केल्यावर सगळं कळलं.

आधी हॉल. भाडं दीड लाख, त्यावर १८ टक्के जीएसटी, म्हणजे १,७७,०००. हा आकडा बुकिंगच्या दिवशी कळला, चौकशीच्या दिवशी नुसतं "दीड" म्हणाले होते, तेव्हा कोणीही दीड म्हटलं की लगेच विचारायचं, जीएसटी धरून की सोडून. तुळशीच्या लग्नानंतर मुहूर्त सुरू होतात आणि दादर-माटुंग्यातले रविवार तर दहा-दहा महिने आधीच जातात, त्यामुळे घासाघीस वगैरे विसरा. तोच हॉल गुरुवारी वीस हजारांनी स्वस्त होता. आम्ही नाही घेतला कारण आत्याची सुट्टी, काकांची सुट्टी, आणि शेवटी आत्या आलीच नाही.

पण हॉलचं खरं बिल भाड्यात नसतंच. ते पोटात असतं. एसी तीन वाजेपर्यंत, पुढे तासाला पैसे. जनरेटर वेगळा, लागो न लागो. साफसफाई वेगळी. बाहेरचा डेकोरेटर आणला तर त्याचा 'एंट्री चार्ज' वेगळा, आणि तो भरायचा कोणी, डेकोरेटर म्हणतो तुम्ही, हॉल म्हणतो डेकोरेटरने, मधे मी. सगळं मिळून १९,५०० वर गेले. आणि एवढं घेऊन त्या दिवशी लिफ्ट बंद. लग्न पहिल्या मजल्यावर, जेवण दुसऱ्या. आजीला दोन चुलतभावांनी खुर्चीत बसवून वर नेलं, आजी मजेत होती म्हणा, पालखी निघाल्यासारखी हात जोडत वर गेली, पण बाबांचा चेहरा बघण्यासारखा झाला होता. मॅनेजरला विचारलं तर "सकाळपर्यंत चालू होती". तुम्ही हॉल बघायला जाल तेव्हा झुंबर बघू नका. लिफ्ट बघा, बायकांचं टॉयलेट बघा, नवरीच्या खोलीतला आरसा आणि प्लगपॉइंट बघा, आणि जेवणाच्या हॉलमध्ये खुर्च्या किती आहेत ते मोजा. आमच्याकडे तीनशे माणसाला जेवणाच्या मजल्यावर नव्वद खुर्च्या होत्या. सत्तर जास्तीच्या भाड्याने मागवल्या, दर खुर्चीला १५ रुपये, १,०५० रुपये झाले, आणि अख्ख्या लग्नात याच्याइतका वसूल झालेला खर्च मला दुसरा दाखवा.

जेवण. यावर मी जास्त लिहिणार आहे, कारण लग्नातून घरी जाताना लोक दोनच गोष्टी बोलतात, जेवण कसं होतं आणि सून कशी आहे.

हॉलचे ठरलेले तीन केटरर, त्यातलाच एक घ्यायचा. ७८० रुपये प्लेट, ३०० प्लेटची गॅरंटी, वर पाच टक्के जीएसटी. टेस्टिंगला बोलावलं तेव्हा अळूची भाजी इतकी सुंदर होती की आम्ही तिथेच हो म्हणून मोकळे झालो, आणि मग त्याने हळूच दुसरं कार्ड पुढे केलं, लाइव्ह काउंटर. चाट आणि पास्ता. दर काउंटरला ७० रुपये प्लेटमागे, आणि ते सगळ्या ३०० प्लेटवर लागणार, कोणी खाओ न खाओ. दोन काउंटरचे ४२,०००. व्याह्यांकडची तरुण मंडळी म्हणाली हवंच, आपल्या पोरांनीही माना डोलावल्या. लग्नात काय झालं, चाटला थोडीफार गर्दी होती, पण पास्ताच्या काउंटरवरचा तो पोरगा बिचारा पांढरी टोपी घालून पाऊण तास मोबाइल बघत उभा होता, आणि बाजूला मसालेभाताची रांग दारापर्यंत. दोन वाजता मसालेभात संपला! लग्नाच्या जेवणात मसालेभात संपला, यापेक्षा मोठी नामुष्की नाही. दुसरी खेप यायला वीस मिनिटं गेली. तेच ४२,००० मी मसालेभात, मठ्ठा आणि गरम जिलेबी यांच्या दोन-दोन रांगा लावण्यात घातले असते तर कोणी थांबलंच नसतं. त्या पास्त्याच्या पुढे माझ्या शीटमध्ये लाल रंग आहे, इतका गडद की प्रिंट काढली तर अक्षर दिसत नाही.

याच्या उलट, आईने हट्ट धरला की साठ माणसांची पंगत हवी. म्हातारीकोतारी, विहीणबाई आणि त्यांच्या सख्ख्या जावा, दोन्हीकडची अगदी जवळची माणसं. केटरर कुरकुरला, मग माणशी ६० जास्तीचे म्हणाला, ३,६०० रुपये. केळीचं पान, डाव्या हाताला मीठ लिंबू चटणी कोशिंबीर, मधे वरणभाताची मूद, त्यावर तूप, पंचामृत, अळू, कोथिंबीर वडी, बासुंदी. वाढपी आचाऱ्यांच्याच घरचे होते, "अजून एक जिलेबी, माझ्यासाठी" असा आग्रह करत फिरत होते, आणि मी पण वाढायला घेतलं, माझ्या नवऱ्याने भातावर तूप वाढलं. जी काकू चाळीस मिनिटं उभी होती ती इथे मात्र बसली. व्याह्यांची एक मामी अजून फोनवर हेच सांगते की आमच्याकडे इतकी लग्नं झाली पण बसवून कोणी वाढलं नव्हतं. ३,६०० रुपये. पुढे मी काही बोलत नाही.

आणि एक, प्लेटा मोजा. स्वतःचा माणूस ठेवून मोजा. जिथे रिकाम्या प्लेटांची थप्पी असते तिथे मावसभावाला बसवला होता, त्याला दर शंभराला एक आइस्क्रीम कबूल केलं होतं. त्याचा आकडा २८७, केटररच्या सुपरवायझरचा आकडा ३२४. सदतीस प्लेटा कुठून आल्या? म्हणे काही लोकांनी दोनदा घेतल्या. दोनदा घेतलेली प्लेट पण थप्पीतूनच उचलतात ना दादा. शेवटी गॅरंटीच्या ३०० वर मिटलं, म्हणजे २४ प्लेटांचे १८,७२० वाचले, तीन आइस्क्रीमच्या बदल्यात. उरलेल्या अन्नाचं आधी ठरवून ठेवा, आपले डबे न्या, मुंबईत रोटी बँकेसारख्या संस्था न वाढलेलं चांगलं अन्न घेऊन जातात पण त्यांना वेळेत फोन करावा लागतो, चार वाजता पातेली घासायला काढल्यावर नाही.

डेकोरेशन ९०,०००. ठीक. म्हणजे स्टेजची मागची भिंत छान होती, पण वीस फूट लांबून बघणाऱ्याला खरं फूल आणि कापडी फूल यातला फरक कळत नाही हे मी स्वतः मागच्या रांगेत बसून तपासलं. हाताला लागतात, नाकाला लागतात तिथे खरी फुलं घ्या: हार, गजरे, दाराचं तोरण. डेकोरेटर दोन हारांचे ६,००० सांगत होता. मी आणि बाबा आदल्या दिवशी पहाटे साडेचारला दादरच्या फुलबाजारात गेलो, स्टेशनच्या बाहेर पश्चिमेला, पुलाखाली, तिथे ओल्या गोणपाटांवरून घसरत, टोपलीवाल्यांचे धक्के खात, निशिगंध आणि गुलाबाच्या दोन हारांची ऑर्डर दिली, १,७०० रुपये, आणि वर शंभर गजरे. दुसऱ्या दिवशी पहाटे चुलतभावाने जाऊन उचलले. एवढं उठवत नसेल तर डेकोरेटरला द्या, वाईट काही नाही, पण बाबा आणि मी कित्येक वर्षांनी दोघंच असे कुठेतरी गेलो होतो, नंतर स्टेशनबाहेर उभं राहून चहा प्यायलो, तो शीटमध्ये कुठे टाकणार.

आता धूर. डेकोरेटरच्याच पॅकेजमध्ये 'एंट्री', १६,०००. नवरी येताना जमिनीवरून पांढरा धूर आणि दोन्ही बाजूंनी थंड आगीचे फवारे. व्हिडिओत बघितलं होतं तेव्हा मला पण आवडलं होतं, खोटं कशाला बोलू. झालं असं की फवाऱ्याचं मशीन गरम व्हायला वेळ लागतो, आणि ते चालू करायचं कोणी विसरलं. नवरी मामांच्या मागे दारात उभी, अंतरपाट धरून दोघं उभे, गुरुजी माइकवर तीनदा म्हणाले "मुलीला आणा", मुहूर्त १२:१७ चा आणि फवारा उडाला १२:२६ ला. नवरी पोचून 'शुभमंगल सावधान' व्हायला १२:३१ झाले. आजी घड्याळ बघत होती. गुरुजींनी नंतर एकच वाक्य टाकलं, "मुहूर्त पंचांगात बघतात असं मला वाटायचं." तीनशे माणसं हातात अक्षता घेऊन चौदा मिनिटं उभी, अक्षतांना हळद जास्त लागलेली, सगळ्यांच्या मुठी पिवळ्या. आणि धूर टिकला किती, दीड मिनिट.

त्यापेक्षा सनई-चौघडा, तीन माणसं, ८,००० रुपये, सकाळी आठपासून दाराशी. आधी आम्ही म्हणत होतो स्पीकरवर लावू, काय फरक पडतो. खूप पडतो. स्पीकरवर वाजते ती वाजून जाते. इथे सनईवाले आजोबा माणूस बघून वाजवत होते, वऱ्हाड आलं की चढवायचे, बायका बसून बोलायला लागल्या की मंद करायचे, आणि निरोपाच्या वेळी त्यांनी जे धरलं ना, आमचे बाबा जे कुणासमोर रडत नाहीत ते खांबामागे गेले. लोक दारात आले की दोन मिनिटं तिथेच रेंगाळायचे, भेटायचे, मग आत. दहापैकी दहा.

फोटोवाल्याकडे परत येते. त्याच्या पॅकेजमध्ये काय काय, तर दोन जण साधे फोटो, एक कँडिड (पोज न देता नकळत टिपणारा), एक व्हिडिओ, एक 'सिनेमॅटिक', आणि ड्रोन. लग्न बंद हॉलमध्ये, दादरमध्ये! मुंबईत पोलिसांच्या परवानगीशिवाय ड्रोन उडवताच येत नाही, मग त्या ड्रोनचे १२,००० कशाचे असं विचारल्यावर तो म्हणाला पॅकेज आहे मॅडम, वेगळं काढता येत नाही. शेवटी काढलं, भांडून, तेव्हा कुठे १,२०,००० वर आलं. माझं स्पष्ट मत, एक साधा फोटोवाला आणि एक चांगला कँडिडवाला पुरे. कँडिडवाला पोरगा हुशार होता, आईचा मुंडावळ्या बांधतानाचा फोटो त्याने काढलाय तो आम्ही फ्रेम केला. बाकी चौघे एकमेकांच्या फ्रेममध्ये येत होते आणि पाहुण्यांना नवरानवरीच्या ऐवजी चार पाठी दिसत होत्या. करारात एक ओळ घालून घ्या, स्टेजवर एका ग्रुपचा एकच फोटो, कपल पोज सगळे सकाळी लवकर किंवा जेवणानंतर. आम्ही घातली नाही. आणि अल्बमसाठी ४,३०० फोटोतून १८० निवडून द्यायचेत, धाकटीला अजून वेळ झालेला नाही, त्यामुळे अल्बम नाही. पैसे मात्र पूर्ण गेलेत.

प्री-वेडिंग फोटोशूटबद्दल माझं आणि धाकटीचं भांडण झालं होतं. ३५,०००. फोर्टात सकाळी सहाला, मी बॅगा धरायला. एका इमारतीच्या पायरीवरून वॉचमनने उठवलं, मग मरीन ड्राइव्हला गेलो तर तिथे आधीच चार जोडपी नंबर लावून, प्रत्येकाचा गाऊन वाऱ्यावर उडवणारा एक एक असिस्टंट. ते फोटो हॉलच्या एलईडी स्क्रीनवर दोन तास फिरले, कोणी बघितले नाहीत. मी शीटमध्ये लाल केलं. धाकटीने परत पांढरं केलं. म्हणाली, ताई, सहा महिने आम्ही दोघं फक्त हॉल, याद्या आणि मानपान यावरच बोलत होतो, तो एकच दिवस असा होता की आम्ही दोघं बाहेर होतो. आता यावर काय बोलणार. पांढरं ठेवलंय. तरी ३५,००० मध्ये ते दोघं अलिबागला तीनदा जाऊन आले असते असं माझं आपलं मत.

मेकअप. नवरीचा २२,०००, हेअर आणि साडी नेसवणं धरून, दोन लुक. चांगला झाला, तक्रार नाही. पण घरच्या बायकांचे माणशी ३,५०० जे लावतात ते देऊ नका. आईला बसवलं, पाऊण तासाने आई बाहेर आली ती आईच दिसेना, भुवया कुठल्यातरी तिसऱ्याच बाईच्या. आईने आरशात बघितलं, शांतपणे बेसिनपाशी गेली, साबणाने तोंड धुतलं, कुंकू लावलं आणि म्हणाली, चला. मी आणि बहिणींनी शिवलेल्या नऊवारी घेतल्या होत्या, हिंदमाताला कापड बघून तिथल्याच टेलरकडून, शिलाई धरून एकेक २,८०० पडली, पाच मिनिटात अंगावर, नेसवणारीची वाट बघायची नाही, दिवसभर पळापळ केली तरी सुटली नाही. घ्याच.

पैठणीसाठी मात्र आम्ही येवल्याला गेलो. ठाण्याहून सकाळची तपोवन पकडायची, मनमाडला उतरायचं, तिथून गाडीने पाऊण तास. मुंबईत दुकानात दाखवतात त्यातल्या बऱ्याच सेमी पैठण्या असतात, मशीनवरच्या, पाच-सात हजारात, दिसायला झकास, आणि लग्नात भेट द्यायला त्याच घ्या, पण पैठणी म्हणून पंचवीस हजार घेऊन सेमी देत असतील तर ते वेगळं. ओळखायचं सोपं, पदर उलटा करून बघायचा. हातमागाच्या पैठणीचा पदर मागूनही जवळजवळ पुढच्यासारखाच दिसतो, मशीनवरच्या साडीला मागे धाग्यांचं जंजाळ असतं. वर सिल्क मार्कचं, म्हणजे अस्सल रेशमाचं, लेबल मागायचं. आम्ही एका घरात बसून माग बघितला, विणणाऱ्या ताई म्हणाल्या हा बांगडी मोराचा पदर तर महिनोन्‌महिने चालतो. आमची साधी मुनिया बॉर्डरची, २४,०००. त्यात प्रवास धरलात तर मुंबईपेक्षा फार स्वस्त पडली नाही, पण धाकटीने ती लग्नानंतर तीनदा नेसलीये, आणि तो ३८,००० चा लेहेंगा (हो, तोही घेतला, संगीतासाठी, मी काही बोलले नाही) पलंगाखालच्या बॉक्समध्ये गेला तो गेलाच.

सोनं शीटच्या बाहेर होतं, पण एवढं सांगते. तोळा लाखाच्या पुढे गेलेला, नवीन घ्यायची हिंमतच नव्हती, आईच्या पाटल्या मोडून मंगळसूत्र केलं. तीन दुकानं फिरलो. मोड घेताना एक जण नजरेनेच "एवढी तूट जाईल" म्हणाला, दुसऱ्याने मशीनवर समोर तपासून आकडा दाखवला. घडणावळ एकीकडे १४ टक्के, एकीकडे ८, आणि दीड तोळ्याच्या साध्या वाट्यांच्या मंगळसूत्राला तेवढ्यानेच नऊ हजारांच्या वर फरक. भाव सगळीकडे साधारण सारखाच असतो हो, खेळ सगळा घडणावळीत. दागिन्यावर हॉलमार्कसोबत सहा अक्षर-आकड्यांचा एचयूआयडी, म्हणजे त्या दागिन्याचा ओळख नंबर, असलाच पाहिजे, १ एप्रिल २०२३ पासून सक्तीचा आहे, बीआयएस केअर ॲपमध्ये टाकला की दुकानातच कळतं.

किरकोळ गोष्टी. पत्रिका गिरगावात खाडिलकर रोडला, शंभर छापल्या, ३८ रुपयाला एक, बाकी सगळ्यांना व्हॉट्सॲपवर. त्याहून जास्त छापू नका, पण अजिबात छापणार नाही असंही करू नका, कारण लग्न नोंदणीला पत्रिका मागतात. महापालिकेच्या वॉर्ड ऑफिसात नोंदणी होते, लग्नापासून ९० दिवसांच्या आत केली की जास्तीचा भुर्दंड नाही. एक एजंट ४,५०० मागत होता. आम्ही स्वतः केलं, तीन साक्षीदार, लग्नाचा फोटो, आणि गुरुजींची सही आणि आधारची कॉपी, जी आम्ही अक्कलहुशारीने हॉलमध्येच घेऊन ठेवली होती, नाहीतर सीझनमध्ये गुरुजी सापडतात होय?

रिटर्न गिफ्ट म्हणून ते काचेचे गणपती नकोत असं बाबा म्हणाले, घरात सतरा आहेत. लालबागच्या मसाला गल्लीतून गोडा मसाला कांडून आणला, कापडी पिशवीत शंभर ग्रॅम, ९५ रुपये पुडी, घरटी एक अशा दीडशे. संपल्यावर लोकांनी दुकानाचा पत्ता विचारायला फोन केले.

आणि बस. कल्याण-डोंबिवलीकडच्या पन्नास माणसांसाठी बस करावी की नाही यावर आमच्याकडे तीन आठवडे चर्चा चालली. १३,५००. सगळे म्हणाले लोक ट्रेनने येतील, दादर स्टेशनपासून पाच मिनिटं चालत. मी म्हटलं रविवार आहे. शुक्रवारी रेल्वेने मेगाब्लॉक जाहीर केला, मेन लाइनच. बसमधली पन्नास माणसं साडेनऊला हॉलमध्ये उपमा खात होती. मुलुंडचे काका, जे म्हणाले होते "कशाला बस, लोकल आहे ना", ते अक्षता संपत आल्यावर घाम पुसत पोचले. अर्थात फवाऱ्यामुळे मुहूर्त उशिरा लागला नसता तर त्यांना मंगलाष्टकांचं शेवटचं कडवंही ऐकायला मिळालं नसतं, त्यामुळे धुराचा उपयोग झालेला हा एकच माणूस.

शीट मी मावसभावाला पाठवलीये, तोच आइस्क्रीमवाला. त्याचं फेब्रुवारीत आहे, बोरिवलीला. लाल, पांढरं, थांबले, बसले, सगळं नीट समजावून, खाली दोन ओळींची नोट पण टाकली. दुसऱ्या दिवशी त्याचा रिप्लाय आला.

"ताई, ते फवाऱ्याचं मशीन किती वेळ आधी चालू करायचं?"